कॅमेऱ्यामागची ३६ वर्षं

कोरियन चित्रपटांचा विषय निघाला की आपल्याकडे एक गोष्ट हमखास सांगितली जाते. १९९४ साली दक्षिण कोरियाच्या राष्ट्राध्यक्षांपुढे एक अहवाल ठेवला गेला. ‘जुरासिक पार्क’ या एका हॉलिवूडपटाची कमाई ह्युंदाईच्या १५ लाख मोटारींच्या निर्यातीइतकी भरते, असा हिशेब त्यात मांडला होता. तो वाचून सरकार जागं झालं, धोरण ठरलं, पैसा आला आणि २५-२६ वर्षांत ‘पॅरासाइट’नं ऑस्कर घेतलं. एवढं सांगून झालं की पुढचं वाक्य ठरलेलं असतं: आपल्या सरकारनंही असंच काहीतरी करायला हवं.

अहवालाची गोष्ट खरी आहे. तिच्यातून काढला जाणारा निष्कर्ष मात्र मला मान्य नाही. त्या निष्कर्षामुळे कोरियाकडून शिकण्यासारखं जे आहे ते बाजूला पडतं आणि भलताच धडा हाती लागतो. माझं म्हणणं मी एका कॅमेरामनच्या कारकिर्दीच्या आधारानं मांडणार आहे. त्यांचं नाव जंग इल-संग. त्यांच्याबरोबर एका निर्मात्याचंही नाव घ्यावं लागेल, ली थे-वॉन यांचं. दिग्दर्शक इम क्वॉन-थेक यांच्यासह हे तिघं कोरियात जोडीनंच ओळखले जातात. जगाला मात्र तिघांपैकी एकच नाव ठाऊक आहे, आणि ते अर्थातच दिग्दर्शकाचं आहे.

आधी एक साधी गोष्ट लक्षात घेऊ. मोटारींचा हिशेब मांडणारा अहवाल १९९४ चा. त्याच्या आदल्याच वर्षी, १९९३ च्या वसंतात, सोलमधल्या दानसोंगसा या जुन्या थिएटरात ‘सॉप्यॉनजे’ लागला होता. पान्सोरी हा कोरियाचा पारंपरिक गायनप्रकार. एक गायक, एक ढोलकवाला आणि तासन्‌तास चालणारी कथा. गावोगाव भटकणाऱ्या अशाच एका गरीब पान्सोरी गायकाची आणि त्याच्या दोन मुलांची ही गोष्ट. पान्सोरीचा जमाना तेव्हा सरला होता. नायिका ओ जंग-हे हिनं याआधी चित्रपटात काम केलेलं नव्हतं. ती मुळात पान्सोरी गायिका. चित्रपट चालेल अशी कुणाची फारशी अपेक्षा नव्हती. एकट्या सोल शहरात १० लाखांहून अधिक लोकांनी तो पाहिला. तोवर कुठल्याही कोरियन चित्रपटाला हा आकडा गाठता आला नव्हता. म्हणजे ज्या धोरणानं कोरियन सिनेमाला जन्म दिला असं आपण म्हणतो, ते धोरण कागदावर उतरण्याआधीच तिथला प्रेक्षक आपल्या भाषेतल्या, आपल्या मातीतल्या चित्रपटासाठी रांगा लावत होता. हा चित्रपट जंग इल-संग यांनी चित्रित केला होता. कॅमेरामन म्हणून त्यांचा पहिला चित्रपट १९५७ सालचा. मधे ३६ वर्षं गेली होती.

या ३६ वर्षांत काय घडलं, हे कुठल्याच धोरणाच्या यशोगाथेत येत नाही.

जंग यांचा जन्म १९२९ चा, टोकियोतला. कोरिया तेव्हा जपानची वसाहत होता. स्वातंत्र्य, फाळणी आणि पाठोपाठ तीन वर्षांचं युद्ध पाहिलेली ही पिढी. १९५३ मध्ये युद्धविराम झाला तेव्हा सोल उद्ध्वस्त होतं. तरीही पन्नासच्या दशकाच्या उत्तरार्धात तिथली चित्रनिर्मिती झपाट्यानं वाढली, आणि त्यामागे सरकारचा एक अगदी साधा निर्णय होता: १९५४ मध्ये देशी चित्रपटांच्या तिकिटांवरचा कर माफ झाला. कुणी अहवाल लिहिला नाही, कुणी मोहीम काढली नाही. कर गेला, थिएटरवाल्यांना देशी चित्रपट परवडू लागले, आणि दशक संपता संपता वर्षाला शंभरावर चित्रपट निघू लागले. जंग यांच्यासारख्या तरुणाच्या हाती कॅमेरा आला तो या लाटेत.

मग १९६१ चा लष्करी उठाव झाला आणि १९६२ मध्ये पार्क चुंग-ही यांच्या राजवटीनं चित्रपट कायदा आणला. या कायद्याबद्दल थोडं सविस्तर सांगायला हवं, कारण ‘सरकारनं लक्ष घातलं की सिनेमा मोठा होतो’ या समजुतीचं उत्तर त्यातच आहे. निर्मात्यानं नोंदणी केलीच पाहिजे. नोंदणीसाठी स्वतःचा स्टुडिओ, कॅमेरे, दिवे, करारबद्ध कलाकार दाखवले पाहिजेत. वर्षाला ठरावीक संख्येनं चित्रपट काढले पाहिजेत. हेतू असा सांगितला गेला की हॉलिवूडसारखे भक्कम स्टुडिओ उभे राहतील. झालं ते वेगळंच. छोटे निर्माते कायद्याबाहेर फेकले गेले. हाताच्या बोटांवर मोजता येतील एवढ्या कंपन्यांकडे परवाने राहिले, आणि बाकीचे त्यांना पैसे देऊन त्यांच्या नावावर चित्रपट काढू लागले. कोरियात या भाड्याच्या नावाच्या निर्मितीची एक रीतसर व्यवस्थाच तयार झाली.

त्याहून घातक होती ती आयातीची तरतूद. परदेशी चित्रपट आणून दाखवणं हा खात्रीचा धंदा होता, पण आयातीचा परवाना देशी चित्रपट काढणाऱ्यालाच मिळायचा. सत्तरच्या दशकात तर सरकारनं ‘उत्कृष्ट’ ठरवलेला चित्रपट काढला की बक्षीस म्हणून आयातीचा परवाना, अशी रीतच पडली. उत्कृष्ट म्हणजे काय, तर साम्यवादविरोधी, राष्ट्रकार्याला पोषक किंवा मान्यवर साहित्यावर आधारलेला. परिणाम सरळ होता. निर्मात्याची खरी कमाई परदेशी चित्रपटातून, आणि देशी चित्रपट म्हणजे परवान्यासाठी भरायची किंमत. मग ती किंमत जितकी कमी तितकं बरं. कमीत कमी दिवसांत, कमीत कमी फिल्म वापरून, एका ठिकाणी जमतील तेवढी दृश्यं उरकायची. पटकथा आधी तपासली जायची आणि पूर्ण झालेला चित्रपट पुन्हा. कारकिर्दीच्या पहिल्या दहा वर्षांत इम क्वॉन-थेक यांनी अशाच रेट्यात पन्नासच्या आसपास चित्रपट काढले. त्यांतल्या बहुतेकांबद्दल नंतर त्यांनी स्वतःच नाराजी व्यक्त केली आहे.

या व्यवस्थेत कॅमेरामनचं काय होतं, याचा विचार कुणी करत नाही. लेखक बंदीच्या काळात वही भरू शकतो. दिग्दर्शक निदान मनात चित्रपट रचू शकतो. कॅमेरामनचं तसं नाही. त्याच्या हाताला फिल्म लागते, उजेडासाठी थांबायला वेळ लागतो, ढग सरकेपर्यंत सगळ्या युनिटला बसवून ठेवण्याची मुभा लागते. ही मुभा देणारा माणूस निर्माता. निर्मात्याला चित्रपटाशी कर्तव्यापुरतंच देणंघेणं असेल, तर कॅमेरामनची दृष्टी कितीही तीक्ष्ण असो, पडद्यावर ती येत नाही.

तरीही ती अधूनमधून आलीच. १९७१ मध्ये दिग्दर्शक किम की-यंग यांच्या ‘ह्वान्यो’साठी जंग यांनी कॅमेरा धरला. अभिनेत्री युन यो-जंग यांचा हा पहिला चित्रपट. पन्नास वर्षांनी, २०२१ मध्ये, ऑस्कर स्वीकारताना त्यांनी किम यांची आठवण काढली तेव्हा जगभरच्या लोकांनी तो शोधून पाहिला. घराच्या चार भिंतींत लाल आणि निळा उजेड एकमेकांवर धावून जातात, माणसांच्या चेहऱ्यांवर रंग बसतात आणि ते चेहरे हळूहळू अनोळखी वाटू लागतात. सरकारी चौकटीत, तोकड्या साधनांत केलेलं हे काम आजही धाडसी वाटतं. पण या एका उदाहरणावरून दडपशाहीत कला फुलते असा सिद्धान्त मांडणाऱ्यांशी माझं मुळीच जमत नाही. किम यांच्यासारखा एखादा हट्टी दिग्दर्शक भेटला म्हणून तेवढी फट मिळाली. १९८० चा ‘अखेरचा साक्षीदार’ हा ली दू-योंग यांचा चित्रपट पाहा. युद्धाच्या जखमा घेऊन जगणाऱ्या देशातून एक पोलीस अधिकारी भटकतो. जंग यांचा कॅमेरा त्याच्यामागे चिखलातून, बर्फातून, उजाड गावांतून फिरतो. सेन्सॉरनं त्याचे मोठमोठे तुकडे कापले. जे राहिलं ते त्या वेळच्या प्रेक्षकाला धड समजलंही नसेल. महिनोन्‌महिने उन्हापावसात उभं राहून टिपलेला उजेड कात्रीनं उडवला जातो, तेव्हा नुकसान एका चित्रपटाचं नसतं. पुढच्या पिढीच्या कॅमेरामनना ज्यावर डोळा घासायचा, ती सहाणच हिरावली जाते.

इम क्वॉन-थेक आणि जंग यांची जोडी जमली ती सत्तरच्या दशकाच्या अखेरीला. १९८१ चा ‘मंडल’ हे तिचं पहिलं मोठं फळ. दोन बौद्ध भिक्षू: एक नियम पाळणारा, दुसरा दारू पिणारा, नियम मोडणारा. दोघं हिवाळ्यातल्या कोरियातून चालत राहतात. जंग त्यांना जवळून फार क्वचित दाखवतात. मोकळी शेतं, करडं आभाळ, मधून गेलेला रस्ता आणि त्यावर दोन छोट्या आकृती. माणूस लहान आणि देश मोठा, हे प्रमाण या चित्रपटात ठरलं आणि पुढं त्यांच्या कामाची ओळख बनलं. तोवर जंग यांची पन्नाशी उलटली होती. ज्या वयात आपल्याकडे कॅमेरामनला जुना झाला म्हणून बाजूला सारतात, त्या वयात या माणसाचं खरं काम सुरू होत होतं.

आता ली थे-वॉन यांच्याकडे वळतो. कोरियन सिनेमाच्या इतिहासात त्यांना मिळायला हवी तेवढी जागा मिळालेली नाही असं मला वाटतं. पुस्तकं दिग्दर्शकांवर लिहिली जातात. निर्माता म्हटला की हिशेबाची वही डोळ्यांपुढे येते. ली १९८४ मध्ये निर्मितीत उतरले, थेहुंग पिक्चर्स हे नाव घेऊन. त्याच सुमाराला चित्रपट कायदा बदलला: निर्मिती आणि आयात वेगळी झाली, परवान्याची मक्तेदारी सुटली, नवीन निर्मात्यांना दार उघडलं. मला हा बदल त्या प्रसिद्ध अहवालाहून कितीतरी महत्त्वाचा वाटतो. यात सरकारनं एक पैसाही दिला नाही. आपणच मधे घातलेली धोंड बाजूला केली, एवढंच. त्यानंतर निर्मात्याला देशी चित्रपटातूनच पैसे मिळवायचे होते, म्हणून तो चित्रपट चांगला व्हावा यात त्याचा स्वार्थ आला. कलेच्या बाजूनं बोलणारे आपण लोक निर्मात्याच्या स्वार्थाला फार लवकर नाकं मुरडतो. तो स्वार्थ कुठं बांधलेला आहे, हे आधी पाहायला हवं.

ली यांची सुरुवात सुखाची झाली नाही. इम यांच्याबरोबर एका बौद्ध भिक्षुणीवरचा चित्रपट त्यांनी हाती घेतला आणि बौद्ध संघाच्या विरोधामुळे तो अर्ध्यावर सोडावा लागला. एखाद्या व्यापाऱ्यानं त्या दिग्दर्शकाचं नाव पुन्हा काढलं नसतं. ली यांनी पुढची वीस वर्षं इम यांना सोडलं नाही. १९९० मध्ये ‘सेनापतीचा मुलगा’ हा हाणामारीचा चित्रपट त्यांनी काढला; दिग्दर्शक इम, कॅमेरा जंग यांचा. तो तुफान चालला, त्याचे पुढचे भागही निघाले. त्या पैशाच्या जोरावर ‘सॉप्यॉनजे’ झाला. नव्या मुलीला घेऊन, कुणी ऐकत नसलेल्या गाण्यावर, पानगळ आणि बर्फ यांच्या तालावर चित्रीकरण करायला परवानगी देणारा निर्माता हवा होता, आणि तो या दोघांच्या वाट्याला आला.

‘सॉप्यॉनजे’तल्या त्या एका शॉटबद्दल लिहिल्याशिवाय पुढं जाता येणार नाही. दक्षिण जोल्ला प्रांतात, वांदो जिल्ह्यात, चॉंगसानदो नावाचं बेट आहे. शेतांच्या मधून, दगडी बांधांच्या कडेनं वळत गेलेला मातीचा रस्ता. दूरवर, रस्त्याच्या पार टोकाला, तीन माणसं दिसतात: बाप, मुलगी, मुलगा. ती ‘जिंदो आरिरांग’ म्हणू लागतात. जंग यांचा कॅमेरा जवळजवळ जागचा हलत नाही. माणसं चालत येतात. सुरुवातीला आवाज थकलेला असतो. मग बाप एक कडवं टाकतो, मुलगी उचलते, मुलाचा ढोल लागतो, पावलं नाचू लागतात. वळण घेत घेत ती पुढं येतात, मोठी होतात, कॅमेऱ्याच्या अगदी पुढ्यात येऊन चौकटीबाहेर जातात आणि रिकामा रस्ता उरतो. सुमारे साडेपाच मिनिटं, एकही कट नाही. या कुटुंबाच्या सगळ्या कथेत आनंदाचा क्षण हा एवढाच. पुढं बाप मुलीच्या गाण्यात वेदना यावी म्हणून तिला आंधळं करणार आहे.

हा शॉट तोडून, जवळून चेहरे घेऊन, अर्ध्या वेळात संपवता आला असता. कुठल्याही हिशेबी निर्मात्यानं तसंच सांगितलं असतं. पण मग ते गाणं झालं असतं, चालणं झालं नसतं. माणसं चालत चालत दुःखातून बाहेर येतात आणि आपल्या डोळ्यांदेखत येतात, हे कळायला तो सगळा रस्ता लागतो. तो शॉट तसाच ठेवावा हा निर्णय दिग्दर्शकाचा असेल. कॅमेरा कुठं उभा करायचा, कुठली लेन्स लावायची, किती उजेडाची वाट पाहायची, हे ३६ वर्षांच्या नजरेनं ठरवलं. आणि एवढी सगळी फिल्म एका टेकमध्ये जाऊ देण्याची तयारी निर्मात्यानं दाखवली. तिघांपैकी एकाला वगळून हा शॉट होत नाही. आज लोक खास तो रस्ता पाहायला चॉंगसानदोला जातात.

पुढं २००० मध्ये ‘चुनह्यांग’ कान महोत्सवाच्या स्पर्धेत गेला; मुख्य स्पर्धेत निवडला गेलेला तो पहिला कोरियन चित्रपट. २००२ मध्ये एकोणिसाव्या शतकातल्या जांग संग-अप या चित्रकारावरच्या ‘चिह्वासॉन’साठी इम यांना कानमध्ये सर्वोत्कृष्ट दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळाला. दोन्हींचा कॅमेरा जंग यांचा, दोन्हींचे निर्माते ली. ‘चिह्वासॉन’मध्ये पक्ष्यांचे थवे, बर्फात बुडालेली झाडं, दलदलीतलं गवत असं काही दिसतं की शाईनं काढलेलं चित्र आणि निसर्ग यांतलं अंतर काही क्षण पुसलं जातं. त्या वेळी जंग सत्तरीच्या पुढं होते.

यावर एक आक्षेप येईल, आणि तो वजनदार आहे. परवान्यासाठी काढलेल्या त्या शेकडो चित्रपटांनीच जंग आणि इम यांचे हात तयार केले. काम मिळत राहिलं म्हणून ते टिकले. बाजारावर सोडलं असतं तर हॉलिवूडनं कोरियन सिनेमा कधीच गिळला असता. यातला पहिला भाग मी मान्य करतो. सव्वाशेहून अधिक चित्रपट केलेल्या माणसाच्या हातात जे येतं ते दहा चित्रपट केलेल्याच्या हातात येत नाही. सातत्यानं काम मिळणं ही कारागिराची पहिली गरज आहे. पण काम मिळणं आणि काम उरकावं लागणं यांत जो फरक आहे, तोच त्या कायद्यानं पुसला. शिकलेला हात वापरायची संधी वीस वर्षं लांबली. जंग यांना आयुष्य लाभलं म्हणून ते ‘मंडल’पर्यंत आणि ‘सॉप्यॉनजे’पर्यंत पोचले. जे पोचले नाहीत त्यांची नावं आपल्याला सांगता येत नाहीत.

दुसऱ्या भागाला उत्तर स्क्रीन कोट्याचं. कोरियातल्या थिएटरांना वर्षातले १४६ दिवस देशी चित्रपट दाखवणं बंधनकारक होतं. अमेरिकेबरोबरच्या व्यापार कराराच्या वाटाघाटींसाठी २००६ मध्ये ते ७३ वर आणलं गेलं. या कोट्यासाठी चित्रपटसृष्टी रस्त्यावर उतरली होती. इम यांनी १९९९ मध्ये निषेध म्हणून डोकं भादरून घेतलं होतं. मी या कोट्याच्या बाजूचा आहे. त्यात सरकार कुठला चित्रपट चांगला हे ठरवत नाही, फक्त पडद्यावर जागा राखतं. कर माफ करणं, मक्तेदारी मोडणं, पडदा राखणं, १९९६ मध्ये तिथल्या संवैधानिक न्यायालयानं पूर्वसेन्सॉरशिप घटनाबाह्य ठरवणं: कोरियन सिनेमाला खरोखर उपयोगी पडलेल्या या सगळ्या गोष्टींत शासनसंस्थेनं वाट मोकळी केली, वाट दाखवली नाही.

पैशाच्या बाबतीतही एक कडू अनुभव नोंदवायला हवा. दोन हजारच्या दशकात कोरियन सिनेमात मोठा पैसा आला, मल्टिप्लेक्स आले, बड्या उद्योगसमूहांच्या वितरण कंपन्या आल्या. धोरणवाद्यांच्या हिशेबानं हा सुवर्णकाळ. याच काळात इम यांनी आपला शंभरावा चित्रपट हाती घेतला, ‘सॉप्यॉनजे’चीच पुढची कथा सांगणारा, कॅमेरा पुन्हा जंग यांचा. चित्रपटात मोठे तारे नाहीत म्हणून गुंतवणूकदारांनी हात काढून घेतला. थेहुंगनंही तोवर निर्मिती थांबवत आणली होती. २००४ चा चित्रपट ली यांचा शेवटचा ठरला. शंभरावा चित्रपट दुसऱ्या कंपनीनं उचलला आणि २००७ मध्ये तो आला, पण ज्या देशाला या तिघांनी कानच्या स्पर्धेत नेऊन बसवलं, तिथल्या पैशाच्या पुरात त्यांना पैसा शोधत फिरावं लागलं. ली २०२१ मध्ये गेले. पैसा वाढला म्हणजे जाणकार निर्माते वाढतात असं नाही. कधी कधी ते कमीच होतात.

आपल्याकडच्या चर्चेत या सगळ्याचा उपयोग आहे. महाराष्ट्र शासन मराठी चित्रपटांना अ आणि ब असा दर्जा ठरवून अनुदान देतं. त्या अनुदानानं काही चांगले चित्रपट तगले हे खरं आहे, आणि ते बंद करा असं मी म्हणणार नाही. पण निर्मात्याचा हिशेब प्रेक्षकाऐवजी समितीभोवती फिरू लागला की काय होतं, हे सत्तरच्या दशकातल्या कोरियानं दाखवून दिलंय. बक्षीस म्हणून परवाना आणि परवान्यासाठी चित्रपट, ही साखळी एकदा जुळली की सर्वांत आधी चित्रीकरणाचे दिवस कापले जातात. मराठी चित्रपटांचे कॅमेरामन आज किती दिवसांत चित्रपट संपवतात, हे ज्यांना ठाऊक आहे त्यांना मी काय म्हणतोय ते कळेल. अनुदानाच्या अटींत चित्रीकरणाचे किमान दिवस, कामाचे तास, तंत्रज्ञांचे लेखी करार आणि त्यांचे चुकते केलेले पैसे यांची तपासणी का नसावी? कोरियात तंत्रज्ञांसाठी प्रमाणित करार आले ते अलीकडे, तंत्रज्ञांच्या संघटनेनं वर्षानुवर्षं भांडल्यावर. ‘पॅरासाइट’ अशाच करारांवर, कामाचे तास पाळून चित्रित झाला. त्याचे कॅमेरामन हाँग क्योंग-प्यो यांना २०२५ मध्ये ‘हार्बिन’साठी बेकसांग पुरस्कारांत चित्रपट विभागाचा सर्वोच्च सन्मान मिळाला. हा सन्मान एरवी दिग्दर्शकाच्या, कलाकाराच्या किंवा चित्रपटाच्या वाट्याला जातो. कॅमेरामनला तो देणारा समाज एका दिवसात तयार झालेला नाही. २०१९ मध्ये बुसान महोत्सवानं जंग इल-संग यांच्या सात चित्रपटांचं सिंहावलोकन भरवलं होतं, ‘ह्वान्यो’पासून १९९६ च्या ‘बॉर्न टू किल’पर्यंत. दिग्दर्शक वेगवेगळे, सूत्र कॅमेऱ्याचं. असा महोत्सव आपल्या एखाद्या छायालेखकाचा पुण्यात किंवा मुंबईत भरवायचा म्हटलं तर चांगल्या अवस्थेतल्या किती प्रती मिळतील?

कारण शेवटी सगळं प्रतींवर येऊन ठेपतं. ‘अखेरचा साक्षीदार’ची लांब आवृत्ती आज पाहता येते ती कोरियन चित्रपट संग्रहालयानं जपली म्हणून. याच्या उलट उदाहरणही कोरियाचंच आहे. १९६६ चा ‘मान्चू’ हा ली मान-ही यांचा चित्रपट तिथले अनेक समीक्षक त्या दशकातला श्रेष्ठ चित्रपट मानतात, पण त्याची एकही प्रत उरलेली नाही. १९८१ मध्ये किम सू-योंग यांनी तीच कथा पुन्हा चित्रित केली, जंग यांच्या कॅमेऱ्यानं, आणि बुसानच्या त्या सातांत ती होती. मूळ चित्रपटाचा उजेड कसा होता, हे आता कुणालाच सांगता येणार नाही. पुण्यात २००३ मध्ये लागलेल्या आगीत नायट्रेट फिल्मचा जुना साठा जळाला. प्रभातच्या काळापासून ज्या शहरानं सिनेमा घडवला, तिथं हे घडलं. चित्रपट धोरणाची पुढची बैठक होईल तेव्हा निर्यातीचे आकडे मांडणारे पुष्कळ असतील. मराठी चित्रपटांच्या किती निगेटिव्ह कुठल्या लॅबमध्ये, कुठल्या गोदामात, कुठल्या तापमानाला पडून आहेत याची यादी कुणी मांडणार असेल, तर मी त्याच्या बाजूनं उभा आहे. ती यादी करायला कोरियाची बरोबरी करण्याइतका पैसा लागत नाही, आणि ती करायला या वर्षीही उशीर झालेलाच आहे.